श्रमाचे बळी: विन्चेन्झो वेलाचं कुणीच न मागितलेलं शिल्प

घाटमाथा

स्वित्झर्लंडमध्ये येऊन चार वर्षं झाली, पण आल्प्समधल्या गोटहार्ड डोंगराचं नाव माझ्यासाठी रेल्वेच्या ॲपपुरतंच होतं. झुरिकहून लुगानोला जाणारी वेगवान गाडी नव्या बोगद्यात शिरते आणि वीसेक मिनिटांत पलीकडे निघते. खिडकीत आपलंच तोंड दिसतं. मागच्या महिन्यात मुद्दाम जुन्या मार्गाने जाणारी सावकाश गाडी पकडली आणि जुन्या बोगद्याच्या दक्षिण तोंडाशी, आयरोलोला उतरलो. कॉफी प्यायची आणि पुढची गाडी धरायची, एवढाच बेत होता.

स्टेशनजवळ कांस्याचं एक मोठं उठावशिल्प आहे. बोगद्यातले मजूर मेलेल्या सोबत्याला स्ट्रेचरवरून उचलून नेतायत. पाठी वाकलेल्या, पावलं जड. देवदूत नाही, झेंडा नाही, छाती पिटणारी आई नाही. कॉफी राहिली आणि गाडीही गेली.

शिल्पाचं नाव 'ले वित्तिमे देल लावोरो', म्हणजे 'श्रमाचे बळी'. शिल्पकार विन्चेन्झो वेला. जन्म १८२०, तिचिनो या स्वित्झर्लंडच्या इटालियन बोलणाऱ्या प्रांतातल्या लिगोर्नेत्तो गावी, गरीब शेतकऱ्याच्या घरात. खेळायच्या वयात पोरगा दगडाच्या खाणीवर लागला, आधी गावाजवळच्या बेझात्सिओला, मग सरहद्दीपलीकडे विज्जूला. विज्जू म्हणजे पाथरवटांचं गाव. तिथून मिलानला, थोरल्या भावाच्या, लोरेन्झोच्या हाताखाली. तो तिथल्या कॅथेड्रलच्या कामावर होता. पुढे ब्रेरा अकादमीत शिक्षण.

मिलानवर तेव्हा ऑस्ट्रियाचं राज्य होतं. १८४८ च्या उठावात वेला स्वतः लढायला गेला. त्याच सुमारास त्याने 'स्पार्टाकस' घडवला: बेड्या तोडून, हातात खंजीर घेऊन पायऱ्या उतरणारा गुलाम. तो कुणावर चालून येतोय हे मिलानकरांना सांगावं लागलं नाही. १८५२ मध्ये अकादमीने मानद सदस्यत्व देऊ केलं, याने ते नाकारलं, आणि सरकारने त्याला लोम्बार्डीतून, म्हणजे मिलानच्या मुलखातून, हाकलून दिलं. मग तोरिनो (ट्युरिन). तिथल्या अल्बेर्तिना अकादमीत पंधरा वर्षं प्राध्यापकी. १८६७ च्या पॅरिस प्रदर्शनात त्याचा 'मरणासन्न नेपोलियन' गाजला (खुर्चीत खचलेला सम्राट, मांडीवर युरोपचा नकाशा) आणि तिसऱ्या नेपोलियनने तो विकत घेतला. त्याच वर्षी हा गडी सगळं आवरून लिगोर्नेत्तोला परतला.

आता मुद्दा. १८७२ ते १८८२ या काळात गोटहार्डचा बोगदा खोदला गेला. मजूर बहुतेक इटलीतले, पिएमोंते-लोम्बार्डीकडचे. मार्ग सुरू झाला तेव्हा जल्लोष झाला, भाषणं झाली. आणि बासष्ट वर्षांच्या वेलाने, कुणाचीही मागणी नसताना, कुणी दमडी देऊ केलेली नसताना, हे शिल्प करायला घेतलं. १८८३ च्या झुरिकच्या राष्ट्रीय प्रदर्शनात त्याचं प्लास्टर मांडलं गेलं. लोकांनी पाहिलं, वाखाणलं. पण बोगद्याच्या तोंडाशी ते उभं राहिलं १ जून १९३२ रोजी, रेल्वेमार्गाच्या पन्नाशीला. वेलाला जाऊन तेव्हा चाळीस वर्षं होऊन गेली होती.

जी गोष्ट कुणाला नको होती ती त्याने का केली, हे माझ्या डोक्यातून जात नाहीये. म्हणून हा धागा. ज्यांना शिल्पातलं, बोगद्यातलं किंवा इटलीतलं कळतं त्यांनी भर घालावी.

---

चिकूवाडी

वाचनखूण साठवली. रात्री निवांत वाचते.

---

शंकासुर

लेख आवडला, पण एक शंका. तुम्ही याला इटालियन शिल्पकारांच्या विभागात टाकलंय. लिगोर्नेत्तो स्वित्झर्लंडमध्ये, म्हणजे माणूस स्विस. मग?

---

घाटमाथा

शंकासुर, शंका रास्त. नागरिकत्व स्विस, भाषा इटालियन, शिक्षण मिलानचं, कीर्ती तोरिनोची. तोरिनोत पियात्सा कास्तेल्लो चौकात सार्डिनियाच्या (तोरिनो ज्याची राजधानी होती त्या राज्याच्या) सैन्याचा झेंडेकरी उभा आहे, तो याचाच. मिलानकरांनी तो ऑस्ट्रियाच्या नाकावर टिच्चून तोरिनोला भेट दिला. इटलीच्या एकीकरणाची शिल्पं घडवणाऱ्यांत तो पहिल्या रांगेत आणि मतदार मात्र तिचिनोचा. दोन्ही देश त्याला आपला म्हणतात. रोमच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयातही 'श्रमाचे बळी'ची एक कांस्य प्रत आहे, तीही त्याच्या मृत्यूनंतर ओतलेली. विभाग बदलायचा असेल तर संपादकांना सांगा, माझी हरकत नाही.

---

बोगदेबहाद्दर

आयुष्य बोगद्यांत गेलंय (नोकरीनिमित्त), त्यामुळे राहवत नाही.

लांबी पंधरा किलोमीटर. उत्तरेला गोशेनेन, दक्षिणेला आयरोलो, दोन्हीकडून एकदम खोदकाम. ठेकेदार जिनिव्हाचा लुई फाव्र. कंत्राटात मुदत आठ वर्षांची, आणि उशीर झाला की दर दिवसाला दंड: पहिले सहा महिने रोज ५,००० फ्रँक, पुढे रोज १०,०००. हे आकडे लक्षात ठेवा, कारण बाकीचं सगळं यातून निघतं. दिवस वाचवायचा तर सुरुंगाचा धूर निवळायची वाट कोण बघणार? हवा आत ढकलायला पैसे लागतात, संडास बांधायला जागा आणि वेळ लागतो. दाबाच्या हवेवर चालणारी ड्रिल होती, नोबेलचं तेव्हा नवंकोरं असलेलं डायनामाइट होतं, कॉम्प्रेसर नदीच्या पाण्यावर फिरत होते. त्या काळाच्या मानाने सगळं एक नंबर. आणि माणसाचा श्वास हा हिशेबातला शेवटचा रकाना.

आत तापमान तिशीच्या वर, सगळीकडे पाणी, माणसं अर्धी उघडी. बाहेर गोशेनेनमध्ये एकेका खोलीत कोंबलेली. एक पाळी उठली की त्याच अंथरुणावर दुसरी पाळी आडवी. मजुरीचा काही भाग कुपनांत, आणि ती कुपनं कंपनीच्याच दुकानात चालणार.

२७ जुलै १८७५ ला गोशेनेनच्या मजुरांनी काम बंद करून बोगद्याचं तोंड अडवलं. कारण धूर आणि मजुरी. दुसऱ्या दिवशी उरी प्रांताची सशस्त्र तुकडी आली. गोळीबारात चार मजूर मेले.

फाव्र स्वतः जुलै १८७९ मध्ये बोगद्यातच कोसळून गेला. १८८० च्या फेब्रुवारी अखेरीस दोन्ही बाजू भेटल्या, तेव्हा आरपार गेलेल्या भोकातून सगळ्यात आधी पलीकडे सरकवला तो पत्र्याच्या डब्यात घातलेला त्याचा फोटो. दोन बाजूंतला फरक आडवा ३३ सेंटिमीटर, उभा ५. पंधरा किलोमीटरवर! त्या मोजणीदारांना आजही दंडवत.

अपघातातले मृत्यू नोंदीप्रमाणे १७७.

---

तिरकस_तात्या

चांगलं चाललंय. पण जरा दुसरी बाजू मांडतो, हलके घ्या.

हा वेला तोरिनोत राण्यांचे पुतळे करत होता. फ्रान्सच्या सम्राटाला नेपोलियन विकला. गावात टुमदार हवेली बांधली, मध्ये स्वतःच्या कामांचं दालन. आणि म्हातारपणी, खाऊनपिऊन सुखी झाल्यावर, मजुरांचा कळवळा. असले कळवळे आपण पुष्कळ बघितलेत. मजुराच्या मढ्यावर प्रदर्शनात वाहवा मिळवली, आणखी काय!

---

मातकाम

तात्या, हवेली खरी आहे. राण्याही खऱ्या, तोरिनोच्या कोन्सोलाता चर्चमध्ये गुडघे टेकून प्रार्थना करणाऱ्या दोन राण्या याच्याच. पण त्या राण्या एकदा नीट बघा आणि मग 'बळी' बघा.

मी शिल्पकला शिकले आहे, आता शिकवते. वेलाची ख्याती कशासाठी होती? संगमरवरातून कापड काढण्यासाठी. लेस, रेशीम, झालर, शालीचा पोत. विज्जूच्या पाथरवटांकडून आलेला हात, त्यावर मिलानची शिस्त. गिऱ्हाईक त्याच कारागिरीचे पैसे मोजायचं. आणि 'बळी'मध्ये त्याने ते सगळं खिशात ठेवलंय. नजर ठरावी असा एकही गोड तपशील नाही. आपल्या हुकमी एक्क्याशिवाय पत्ते खेळणं वाहवा मिळवण्यासाठी कुणी करत नाही.

दुसरं, हे उठावशिल्प का, सुटा समूह का नाही, यावर मी बराच विचार केला. सुट्या शिल्पाला चारही बाजूंनी फेरी मारता येते. तुम्ही बाग फिरल्यासारखे फिरता. उठावात मागे भिंत असते. आकृत्या भिंतीतून सुटून जवळजवळ आपल्या अंगावर येतात, तरी पाठ अडकलेलीच. बोगद्यातल्या माणसाची अवस्था याहून अचूक कशी सांगणार? मागचा कातळ ही पार्श्वभूमी राहत नाही, तो त्या माणसांना धरून ठेवतो.

आणि ज्याला तुम्ही खाऊनपिऊन सुखी म्हणता, तो बाराव्या वर्षाच्या आत खाणीवर दगड फोडत होता. दगडाची धूळ त्याने पुस्तकात वाचली नव्हती.

---

तिरकस_तात्या

बरं बाई, हुकमी एक्क्याचा मुद्दा पटला. हवेलीबद्दल मात्र माझं मत कायम.

---

लेकुरवाळी

तात्या, त्या हवेलीचं पुढे काय झालं ते ऐका. मी लुगानोजवळ राहते, पाव्हणे आले की लिगोर्नेत्तोला नेते, त्यामुळे पाठ आहे. वेला ऑक्टोबर १८९१ मध्ये वारला. पुढच्याच वर्षी मुलाने घर, प्लास्टरं, चित्रं, सगळं सरकारला देऊन टाकलं. १८९८ पासून ते सार्वजनिक संग्रहालय आहे. मधल्या मोठ्या दालनात मूळ प्लास्टरं उभी आहेत: स्पार्टाकस, नेपोलियन, सगळे एका छताखाली. अलीकडची डागडुजी मारिओ बोत्ता या तिचिनोच्याच वास्तुविशारदाने केली.

मुलाचं नाव माहीत आहे? स्पार्टाको. लोक पोराला देवाचं नाव ठेवतात, याने बंडखोर गुलामाचं ठेवलं.

आयरोलोतलं कांस्य आणि इथलं प्लास्टर दोन्ही बघितलंय. मला प्लास्टर जास्त लागलं. कांस्य काळवंडतं, भारदस्त होतं, सरकारी वाटायला लागतं. प्लास्टर पांढरं, ठिसूळ. धूळ बसलेल्या माणसांसारखं दिसतं.

---

डॉ_कडुनिंब

बोगदेबहाद्दरांच्या १७७ वर थोडं बोलतो. हा आकडा फक्त अपघातांचा: सुरुंग, दरड, गाड्याखाली सापडणं. रोगाने गेलेले यात नाहीत, आणि खरी गोष्ट तिथे आहे.

१८७९-८० च्या सुमारास गोटहार्डचे मजूर पांढरेफटक पडून, धाप लागून घरी परतू लागले. त्यातले काही तोरिनोच्या रुग्णालयात पोचले. मरण पावलेल्यांच्या आतड्यांत अंकुशकृमी (हुकवर्म) सापडले. हा कृमी मिलानच्या अँजेलो दुबिनी या डॉक्टरने चाळीसेक वर्षं आधीच शोधून ठेवला होता, पण त्याने एवढा हाहाकार होतो हे कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. तोरिनोच्या एदोआर्दो पेर्रोन्चितो या परजीवीतज्ज्ञाने १८८० मध्ये मजुरांचा रक्तक्षय या कृमीशी जोडून दाखवला आणि नेच्याच्या एका जातीच्या अर्काने उपचारही केले. मजूर बरे होऊ लागले.

हा कृमी मूळ उष्ण मुलखातला. आल्प्सच्या बर्फात त्याचं काय काम? पण बोगदेबहाद्दरांनी वर जे लिहिलंय ते पुन्हा वाचा: तिशीच्या वर तापमान, पाणी, चिखल, आणि संडास नाही. माणसं आतच बसणार. विष्ठेतून अंडी, ओल्या उबदार चिखलात अळ्या, आणि त्या अळ्या उघड्या पायांच्या कातडीतून आत. (कातडीतून शिरतात हे कळायला १८९८ उजाडलं, तेव्हा सगळे तोंडातून जाते असं समजत होते.) डोंगराच्या पोटात ठेकेदाराने उष्ण कटिबंध तयार केला होता! काम संपल्यावर हेच मजूर दुसऱ्या खाणींत गेले आणि कृमी त्यांच्याबरोबर गेला.

घरी जाऊन, गावच्या खाटेवर हळूहळू संपलेला माणूस गोटहार्डच्या कुठल्या वहीत येणार? म्हणून मला शीर्षक महत्त्वाचं वाटतं. वेलाने 'बोगद्याचे बळी' म्हटलं नाही, 'अपघातातले हुतात्मे' म्हटलं नाही. श्रमाचे बळी म्हटलं. त्यात खाटेवरचाही बसतो.

---

चिकूवाडी

वाचलं सगळं. डॉक्टर, अंगावर काटा आला.

मजुरांच्या हातात काय आहे ते ठरवता येईना मला. धाग्यात स्ट्रेचर म्हटलंय. माझ्या आजोळी याला सरळ तिरडी म्हणतील.

---

मातकाम

तिरडी नको. तिरडी बांधली म्हणजे मयत घरी आलं, आंघोळ झाली, चार माणसं जमली, कुणीतरी मडकं धरलं. इथे त्यातलं काहीच अजून झालेलं नाही. ही माणसं कामाच्या जागेवरून निघालीयत आणि शोक करायलाही वेळ नाही. सगळी ताकद उचलण्यात गेलीय. माझ्या विद्यार्थ्यांना मी हेच सांगते: दुःख दाखवू नका, वजन दाखवा.

---

घाटमाथा

मातकाम ताई, हे वाचून पुन्हा फोटो काढून बघितले. खरंच, शिल्पात सगळ्यात मोठी गोष्ट वजनच आहे.

स्पार्टाकसबरोबर ठेवून बघितलं तर अजून एक दिसतं. तिशीच्या आतला वेला सांगतो: बेडी तोड, खंजीर घे, उतर खाली. बासष्टीचा वेला तसं काही सांगत नाही. इथे सगळ्यांचे हात भरलेले आहेत. खंजीर धरायला हात मोकळाच नाही. काही जण याला हताशपणा म्हणतील. मला हा जास्त धारदार वाटतो. स्पार्टाकसमध्ये शत्रू चौकटीबाहेर होता पण कोण ते माहीत होतं. इथे ठेकेदार वाईट, सरकार वाईट असं एका तोंडाकडे बोट दाखवता येत नाही. दंडाचं कलम कुणी लिहिलं, सही कुणी केली, गाडीत बसणार कोण... ही यादी माझ्या खिशातल्या तिकिटापर्यंत येते.

---

शंकासुर

अजून एक शंका (नावाला जागतो). त्या काळी इटलीत हा एकटाच होता का? की लाटच होती?

---

मातकाम

एकटा नव्हता. नेपल्सचा अकिल्ले दोर्सी बघा. १८८० च्या तोरिनो प्रदर्शनात त्याने 'प्रोक्सिमुस तूस' मांडलं. कुदळ घेऊन जमिनीवर मट्टकन बसलेला शेतमजूर, डोळ्यांत काहीही उरलेलं नाही. लॅटिन नावाचा अर्थ 'तुझा शेजारी'. बायबलमधल्या 'शेजाऱ्यावर प्रेम कर'मधला शेजारी. नाव वाचलं की ती लाथ नेमकी कुणाला आहे ते कळतं. त्याच्या आधी याच माणसाने खाऊन-पिऊन लोळणारे दोन रोमन करून त्यांना 'परजीवी' नाव दिलं होतं. (डॉक्टरांच्या कृमीशी संबंध नाही, पण आहेही!)

पुढे विज्जूचाच एन्रिको बुत्ती. त्याचा 'खाणकामगार' १८८९ च्या पॅरिस प्रदर्शनात नावाजला गेला. ब्रेशाच्या दोमेनिको गिदोनीने घर सोडून निघालेले देशांतरी केले. पण दोर्सी आणि बुत्तीकडे एकटा माणूस आहे, थकलेला किंवा ताठ. वेलाकडे एकमेकांना उचलणारी माणसं आहेत. माझं मत विचाराल तर दोर्सीचं काम जास्त धाडसी आणि वेलाचं जास्त खरं.

---

खोपोलीकर

बोरघाटाचं काय? १८५६ ते १८६३, आपल्याच डोंगरात रेल्वे बांधताना, मजुरी थकली म्हणून १८५९ मध्ये दंगा झाला होता. त्या मजुरांचं शिल्प कुठे आहे? सगळे स्वित्झर्लंडच्या नावाने...

---

घाटमाथा

खोपोलीकर, प्रश्न शंभर टक्के खरा. पण तो चार ओळींत मावणारा नाही. तुम्ही वेगळा धागा काढा, पहिला प्रतिसाद माझा.

---

बोगदेबहाद्दर

नव्या बोगद्याचंही सांगून टाकतो. ५७ किलोमीटरचा, १ जून २०१६ ला उद्घाटन. हीच तारीख वरती १९३२ मध्येही आलीय. बांधताना नऊ कामगार गेले: चार जर्मन, तीन इटालियन, एक ऑस्ट्रियन, एक दक्षिण आफ्रिकेचा. उद्घाटनाच्या आदल्या दिवशी, ३१ मे ला, एर्स्टफेल्डच्या उत्तर तोंडाशी त्यांच्या स्मृतीचा फलक लावला.

१७७ वरून नऊवर यायला दरम्यान कायदे आले, वायुवीजन आलं, पाळ्यांवर बंधनं आली, संघटना आल्या. फलकासाठीही पन्नास वर्षं थांबावं लागलं नाही, जल्लोषाच्या आधी लागला. आमच्या धंद्यात अशा गोष्टींची नोंद कुणी घेत नाही, म्हणून लिहिलं.

---

तिरकस_तात्या

आणि त्या फाव्रचं? त्याचाही पुतळा असेलच कुठेतरी.

---

घाटमाथा

आहे की. जिनिव्हाजवळ शेन-बूरला, त्याच्या गावाकडे. पण तात्या, तोही बोगद्यातच मेला. कुठल्या बाजूला मोजायचा त्याला?

---

तिरकस_तात्या

हं. विचार करून सांगतो.

---

लेकुरवाळी_दोन

मी झुरिकला असते, पहिल्यांदाच लिहितेय. शनिवारी आठ वर्षांच्या लेकाला घेऊन आयरोलोला जायचं ठरवलंय. घाटमाथा दादा, सावकाश गाडी नेमकी कुठली? ॲप सारखं नव्या बोगद्यातूनच नेतंय.

---

घाटमाथा

'त्रेनो गोत्तार्दो' शोधा, आणि ॲपमध्ये मधलं स्टेशन म्हणून गोशेनेन टाका, म्हणजे ते तुम्हाला जुन्या मार्गाने नेईल. एर्स्टफेल्ड सुटलं की लेकाला खिडकीशी बसवा. वासेनचं पांढरं चर्च तीनदा दिसतं: आधी मान वर करून, मग समोर, मग खाली. गाडी डोंगरात गोल गोल फिरून वर चढते त्यामुळे. तो ओरडून ओरडून मोजेल. मग गोशेनेन, आणि लगेच अंधार. आयरोलोला उतरल्यावर शिल्पापाशी आधी काही सांगू नका, त्यालाच विचारा ही माणसं कुठून निघालीयत. काय म्हणाला ते इथे लिहा.